नेट स्पीड मीटर चुकीचा आकडा दाखवत असेल तर

टास्कबारवर किंवा स्क्रीनच्या कोपऱ्यात वर-खाली होणारे ते दोन आकडे पाहिले की वाटतं, हे मीटर नेटचा वेग मोजतंय. खरं तर ते स्वतः काहीच मोजत नाही. नेटवर्क कार्डातून आत किती बाइट आले आणि बाहेर किती गेले, याची मोजदाद ऑपरेटिंग सिस्टिम कार्ड सुरू झाल्यापासून ठेवत असते. मीटर ठरावीक वेळाने तो काउंटर वाचतं, मागच्या वाचनातून वजाबाकी करतं, मधल्या सेकंदांनी भागतं आणि उत्तर दाखवतं. बिघाड म्हणूनच चारच ठिकाणी होऊ शकतो: मीटर भलताच काउंटर वाचतंय, काउंटर वाचताच येत नाहीये, वजाबाकी-भागाकार चुकतोय, किंवा उत्तर बरोबर आहे पण दिसत नाही. पुन्हा इन्स्टॉल करण्याआधी यातलं नेमकं कोणतं ते शोधा. नुसतं पुन्हा इन्स्टॉल केलं तर जुनी सेटिंग फाइल बहुतेक वेळा तशीच राहते आणि बिघाडही तसाच राहतो.

पुढच्या आज्ञा देवनागरीत दिल्या आहेत. टाइप अर्थातच रोमनमध्ये करायच्या.

आधी मीटर बाजूला ठेवून हाताने मोजा

एखादी मोठी फाइल डाउनलोडला लावा, निदान दोन-तीन मिनिटं चालेल अशी. इतर डाउनलोड आणि व्हिडिओ बंद करा.

विंडोजमध्ये विंडोज की आणि आर दाबून ‘एनसीपीए डॉट सीपीएल’ चालवा. ज्या कनेक्शनवरून नेट चालू आहे त्यावर डबल क्लिक करा. स्टेटसच्या खिडकीत ‘सेंट’ आणि ‘रिसीव्हड’ खाली बाइटचे आकडे वाढताना दिसतील. रिसीव्हडचा आकडा लिहून घ्या, बरोबर दहा सेकंदांनी पुन्हा लिहा. समजा फरक ११,२०,००,००० आला. दहाने भागल्यावर १,१२,००,०००, म्हणजे सेकंदाला ११.२ मेगाबाइट. त्याला ८ ने गुणलं की ८९.६ मेगाबिट. मीटरने या दोहोंपैकी एक आकडा दाखवायला हवा.

लिनक्समध्ये ‘आयपी राउट’ ही आज्ञा द्या. ‘डिफॉल्ट’ने सुरू होणाऱ्या ओळीत ‘डेव्ह’ या शब्दानंतर कार्डाचं नाव असतं, उदाहरणार्थ ईएनपी३एस०. मग /सिस/क्लास/नेट/ या फोल्डरमध्ये त्या नावाखाली ‘स्टॅटिस्टिक्स’ आणि त्यात ‘आरएक्स अंडरस्कोर बाइट्स’ ही फाइल ‘कॅट’ने दहा सेकंदांच्या अंतराने दोनदा वाचा. मॅकवर टर्मिनलमध्ये ‘नेटस्टॅट -आयबी’ देऊन ‘आयबाइट्स’ हा रकाना पाहा. तिथे एकच कार्ड दोन-तीन ओळींत दिसतं आणि सगळ्या ओळींत तोच आकडा असतो. त्यांची बेरीज करू नका.

काउंटर पळतोय आणि मीटरवर शून्य, मीटर काउंटरच्या काही पट दाखवतंय, किंवा दोन्ही जुळतात पण वेग अपेक्षेपेक्षा कमी आहे, अशा तीन शक्यता उरतात. तिसऱ्या प्रकारात मीटर निर्दोष आहे. त्याच्याबद्दल शेवटी.

किती पट चुकतंय ते पाहा

मीटरचा आकडा हाताने काढलेल्या, त्याच एककातल्या आकड्याने भागा. येणारं गुणोत्तर बहुतेक वेळा थेट कारणावर बोट ठेवतं.

८ किंवा त्याच्या आसपास आलं तर बिट आणि बाइटचा घोळ आहे. १०० मेगाबिटचं कनेक्शन पूर्ण भरून वाहिलं तरी सेकंदाला १२.५ मेगाबाइटच येणार. कंपन्या वेग बिटमध्ये सांगतात, विंडोजचा टास्क मॅनेजर बिट दाखवतो, ब्राउझरच्या डाउनलोड यादीत मात्र बाइट असतात. इंग्रजी लघुरूपात लहान बी म्हणजे बिट आणि मोठा बी म्हणजे बाइट. पण काही मीटर जागा वाचवायला ‘एम’ एवढंच लिहितात, आणि मग कोणाचं काय हे कळायला मार्ग नसतो. सेटिंगमध्ये एकक बिट करून टाका आणि नाव पूर्ण दाखवा. रेनमीटर (विंडोजच्या डेस्कटॉपवर विजेट मांडणारा प्रोग्राम) वापरत असाल तर त्याचं नेटचं माप मुळात बाइटमध्ये असतं. ‘यूजबिट्स’ १ केलं की बिट मिळतात. बिट-बाइटचा हा घोळ एवढा साधा आहे की अनेकजण तो तपासतच नाहीत आणि राउटर रीसेट करून बसतात.

१.०५ आलं, म्हणजे पाचेक टक्क्यांचा फरक असला, तर दोन कारणं संभवतात. एक, कोणी हजाराने भागतंय आणि कोणी १०२४ ने. मेगापर्यंत पोचेतो हा फरक ४.९ टक्के होतो. दोन, तुम्ही मीटरची तुलना स्पीड टेस्टशी करताय. कार्डाचा काउंटर प्रत्येक पाकिटाची, म्हणजे डेटाच्या तुकड्याची, वेष्टनासकट पूर्ण फ्रेम मोजतो, तर स्पीड टेस्ट फक्त आतला माल मोजते. साध्या इथरनेटवर १५०० बाइटच्या पाकिटात आयपी आणि टीसीपीची शीर्षकं मिळून ४० बाइट जातात, बाहेरून इथरनेटचे १४ लागतात. मीटर स्पीड टेस्टपेक्षा चार-पाच टक्के जास्त दाखवत असेल तर ते बरोबर चाललं आहे. दुरुस्त करायला जाऊ नका.

२ किंवा दोनाहून किंचित जास्त आलं तर पहिला संशय व्हीपीएनवर, म्हणजे सगळी वाहतूक गुंडाळून दुसऱ्या सर्व्हरमार्गे नेणाऱ्या सेवेवर. तेच बाइट एकदा व्हीपीएनच्या आभासी कार्डावर मोजले जातात आणि एकदा, गुंडाळून थोडे जाड झालेले, खऱ्या कार्डावर. मीटरमध्ये ‘सगळी कनेक्शन’ निवडलेली असतील तर बेरीज दुप्पट होणारच. हायपर-व्हीमध्ये (विंडोजचं आभासी कॉम्प्युटर चालवण्याचं साधन) बाहेरचं स्विच बनवलं की असंच होतं: ‘व्हीइथरनेट’ नावाचं नवं कार्ड येतं, आयपी त्याच्याकडे जातो आणि वाहतूक दोन्हीकडे नोंदली जाते. डॉकर आणि व्हर्च्युअलबॉक्स यांची आभासी कार्डं, लिनक्सवरचं ‘लो’ हे लूपबॅक (कॉम्प्युटरची स्वतःशीच होणारी वाहतूक), हीसुद्धा बेरजेत शिरणारी मंडळी. उपाय एकच: ‘सगळी’ काढा आणि एक खरं कार्ड निवडा.

२ येण्याचं दुसरं कारण वेळेचं आहे. काही विजेट दर दोन सेकंदांनी काउंटर वाचतात पण भागतात एकानेच. स्वतः लिहिलेल्या किंवा कुठून तरी उचललेल्या स्क्रिप्टमध्ये हा दोष हमखास सापडतो. वाचनाचं अंतर एक सेकंद करून बघा. आकडा निम्मा झाला तर चोर सापडला.

३, ४ किंवा ५ अशी पूर्ण पट फक्त विंडोजवर दिसते. विंडोज प्रत्येक कार्डावर फिल्टरचे थर चढवतं (क्यूओएस पॅकेट शेड्युलर, डब्ल्यूएफपीचे हलके फिल्टर, अँटिव्हायरसचा एखादा) आणि सिस्टिमच्या यादीत प्रत्येक थर वेगळं कार्ड म्हणून येतो, मूळ कार्डाचाच काउंटर घेऊन. मीटरने यादी न गाळता सगळ्यांची बेरीज केली की आकडा तितक्या पट फुगतो. मीटरच्या कनेक्शन यादीत एकाच कार्डाचं नाव मागे शेपूट लावून तीन-चारदा दिसत असेल तर हेच. शेपूट नसलेलं मूळ नाव निवडा.

गुणोत्तर कसंही बदलत राहत असेल तर मीटर सरासरी काढत असण्याची शक्यता जास्त. कॉन्कीमध्ये (लिनक्सच्या डेस्कटॉपवर सिस्टिमचे आकडे दाखवणारा प्रोग्राम) ‘नेट अंडरस्कोर एव्हीजी अंडरस्कोर सॅम्पल्स’ हे १ केलं की सरासरी बंद होते. आकडे मग जास्त उड्या मारतात, पण खरे असतात.

काउंटर चालू, मीटर शून्यावर

दहापैकी आठ वेळा मीटर बंद पडलेल्या किंवा निघून गेलेल्या कार्डाकडे बघत असतं. केबलवरून वाय-फायवर आलात, यूएसबी डोंगल दुसऱ्या पोर्टात लावला, ड्रायव्हर बदलला, की विंडोजमध्ये कार्डाचा क्रमांक बदलू शकतो. क्रमांक लक्षात ठेवणारं मीटर मग जुन्याच जागी टक लावून बसतं. ट्रॅफिक मॉनिटर या विंडोजच्या मीटरमध्ये राइट क्लिक करून नेटवर्क कनेक्शनच्या निवडीत जा आणि ‘ऑटो’ किंवा थेट चालू कार्ड निवडा. रेनमीटरच्या स्किनमध्ये ‘इंटरफेस’ या ओळीत क्रमांक असेल तर तो काढून ‘बेस्ट’ लिहा.

‘ऑटो’वर मात्र डोळे झाकून विसंबू नका. व्हीपीएन चालू असताना ते व्हीपीएनचं आभासी कार्ड उचलू शकतं आणि व्हीपीएन बंद केलं की शून्यावर जाऊन बसतं. व्हीपीएन रोजचं असेल तर खरं कार्ड नावाने निवडणं बरं.

लिनक्सवर कार्डाचं नाव ते मदरबोर्डावर कुठल्या खाचेत आहे त्यावरून पडतं. नवं ग्राफिक्स कार्ड किंवा एनव्हीएमई डिस्क बसवली की पीसीआयचे क्रमांक सरकतात आणि कालचं ईएनपी३एस० आज ईएनपी४एस० होतं. नेट चालू राहतं, कारण नेटवर्क मॅनेजर सांभाळून घेतो. कॉन्कीच्या फाइलमध्ये जुनं नाव ठोकून बसवलेलं असतं, ते सांभाळून घेत नाही. ‘आयपी लिंक’ देऊन आजचं नाव पाहा आणि फाइलमध्ये ‘डाउनस्पीड’, ‘अपस्पीड’, ‘डाउनस्पीडग्राफ’ अशा प्रत्येक ठिकाणी बदला. एखादी जागा सुटली तर आकडा येतो पण आलेख सपाट राहतो.

कार्ड बरोबर असूनही शून्य, किंवा काही मीटरमध्ये नुसतीच आडवी रेघ, असेल तर विंडोजचे परफॉर्मन्स काउंटर खराब झालेले असू शकतात. ‘परफमॉन’ उघडा, परफॉर्मन्स मॉनिटरमध्ये हिरवं अधिकचिन्ह दाबा, यादीत ‘नेटवर्क इंटरफेस’ शोधा. ते नसेल किंवा नावांच्या जागी नुसते क्रमांक दिसत असतील तर काउंटर नव्याने बांधावे लागतील:

१. कमांड प्रॉम्प्ट ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ने उघडा.
२. विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये जाऊन एल-ओ-डी-सी-टी-आर, स्पेस, स्लॅश, कॅपिटल आर ही आज्ञा द्या. पहिल्या खेपेला एरर आली तर तीच पुन्हा द्या.
३. सिसवॉव६४ फोल्डरमध्ये जाऊन तीच आज्ञा द्या. ३२-बिट मीटर इकडचे काउंटर वाचतं, म्हणून ही पायरी गाळू नका.
४. ‘विनएमजीएमटी स्लॅश रीसिंकपर्फ’ द्या आणि कॉम्प्युटर रीस्टार्ट करा.

विंडोज इंग्रजीखेरीज दुसऱ्या भाषेत असेल तर आणखी एक खोच आहे. परफॉर्मन्स काउंटरची नावंही त्या भाषेत होतात आणि इंग्रजी नावाने शोधणाऱ्या जुन्या मीटरला ती सापडत नाहीत. यावर तुमच्या हातात उपाय नाही, मीटर बदला.

मधूनच भलामोठा आकडा

स्लीपमधून उठल्यावर किंवा केबल काढून लावल्यावर क्षणभर सेकंदाला चार गिगाबाइट दिसले, तर कार्ड रीसेट होऊन काउंटर शून्यावर आला आणि मीटरने लहान संख्येतून मोठी वजा केली. ऋण संख्या ठेवायला जागा नसलेल्या ३२-बिट खणात ते उत्तर चार अब्जाच्या घरात जातं. एकदाच झालं तर सोडून द्या. फक्त महिन्याच्या वापराची नोंद ठेवणारं मीटर असेल तर त्या दिवसाचा आकडा दुरुस्त करा, नाहीतर बेरीज कायमची बिघडेल.

हेच ठरावीक अंतराने होत राहिलं तर मीटर ३२-बिट काउंटर वाचतंय. असा काउंटर ४,२९,४९,६७,२९५ बाइटपर्यंत जाऊन पुन्हा शून्यापासून सुरू होतो. १०० मेगाबिटने सतत वाहत असेल तर ही फेरी पावणेसहा मिनिटांत पुरी होते, गिगाबिटवर ३४ सेकंदांत. विंडोजने व्हिस्टापासून ६४-बिट काउंटर दिलेले आहेत, पण त्याआधीच्या पद्धतीने लिहिलेली मीटर अजून वापरात आहेत. राउटरचा वेग एसएनएमपीवरून (नेटवर्कच्या उपकरणांचे आकडे दुरून वाचण्याची पद्धत) वाचत असाल तर ‘इफइनऑक्टेट्स’च्या जागी ‘इफएचसीइनऑक्टेट्स’ घ्या. मधलं ‘एचसी’ म्हणजेच ६४-बिट.

मीटर चालू आहे पण दिसत नाही

टास्क मॅनेजरमध्ये प्रोग्राम दिसतोय आणि टास्कबारवर काही नाही, तर आधी रंग तपासा. थीम हलक्यावरून गडद केली की काळ्यावर काळी अक्षरं उरतात. मग टास्क मॅनेजरमधून ‘विंडोज एक्सप्लोरर’ रीस्टार्ट करा आणि मीटर बंद करून पुन्हा चालू करा, याच क्रमाने. एक्सप्लोरर मध्येच कोसळला असेल तर टास्कबारवर चिकटलेली मीटरची पट्टी त्याच्याबरोबर जाते.

नेटस्पीडमॉनिटरसारखी जुनी साधनं डेस्कबँड या पद्धतीने टास्कबारमध्ये बसत. विंडोज १० वर ती विंडोज ७ च्या कंपॅटिबिलिटी मोडमध्ये इन्स्टॉल करता येतात. विंडोज ११ च्या नव्या टास्कबारमध्ये डेस्कबँडची सोयच ठेवलेली नाही, त्यामुळे तिथे खटपट करण्यात अर्थ नाही.

तरंगती खिडकी हरवली असेल, विशेषतः दुसरा मॉनिटर काढल्यानंतर, तर ती बहुधा पडद्याबाहेर आहे. सेटिंग फाइलमधले तिच्या जागेचे आकडे शून्य करा. खिडकी दिसते पण क्लिक घेत नाही, तर ‘माउस पेनिट्रेट’ (क्लिक खिडकीतून आरपार जाऊ देणारी सेटिंग) चालू झालं आहे. घड्याळाजवळच्या आयकॉनवरून ते बंद करा.

लिनक्सच्या नोम डेस्कटॉपवर एक्स्टेन्शन नव्या आवृत्तीनंतर गायब होणं हे ठरलेलंच. प्रत्येक एक्स्टेन्शन कोणत्या आवृत्त्यांवर चालतं ते त्याच्या मेटाडेटा फाइलमध्ये लिहिलेलं असतं. २०२३ मध्ये आलेल्या नोम ४५ ने तर मॉड्यूल जोडण्याची पद्धतच बदलली, त्यामुळे त्याआधीचं एक्स्टेन्शन फाइलमध्ये आकडा वाढवून चालत नाही; नवी प्रतच हवी. वेलँडवर (लिनक्सची पडदा रंगवणारी नवी यंत्रणा) बदल केल्यानंतर लॉगआउट करून परत या, शेल जागच्या जागी रीस्टार्ट होत नाही.

कॉम्प्युटर सुरू झाल्यावर मीटर आपोआप उघडत नसेल आणि त्याला ॲडमिन हक्क लागत असतील, तर स्टार्टअप फोल्डरचा उपयोग नाही. विंडोज तिथून असे प्रोग्राम चालवू देत नाही. टास्क शेड्युलरमध्ये काम बनवा, ‘रन विथ हायेस्ट प्रिव्हिलेजेस’ला टिक करा आणि लॉगऑननंतर ३० सेकंदांचा विलंब द्या. विलंब यासाठी की वाय-फाय जोडलं जाण्याआधी उघडलेलं मीटर कार्डांची यादी एकदाच वाचतं आणि मग शून्यावर अडकतं. प्रत्येक वेळी सेटिंग विसरणारं पोर्टेबल मीटर प्रोग्राम फाइल्समध्ये ठेवलं आहे का पाहा. तिथे त्याला फाइल लिहिण्याची परवानगी नसते. दुसऱ्या फोल्डरमध्ये हलवा.

कोणता प्रोग्राम नेट खातोय ते दिसत नाही

प्रोग्रामनिहाय वेग सांगणारी साधनं काउंटरवर भागवू शकत नाहीत. त्यांना पाकिटं पाहावी लागतात किंवा सिस्टिमच्या घटनानोंदी, म्हणून हक्कही जास्त लागतात. लिनक्सवर नेटहॉग्स हे साधन ‘सुडो’ने चालवा. विंडोजवर एनपीकॅप (पाकिटं पकडणारा ड्रायव्हर) इन्स्टॉल करताना ‘फक्त ॲडमिनिस्ट्रेटरसाठी’ हा पर्याय टिक केला असेल तर साध्या खात्यातून कार्डांची यादी रिकामी येते. नुसती एकदा चौकशी करायची असेल तर विंडोजचा रिसोर्स मॉनिटर पुरे आहे: ‘रेसमॉन’ चालवा आणि नेटवर्कच्या टॅबवर जा.

व्हीएनस्टॅट हे लिनक्सवर वापराची नोंद ठेवणारं साधन वेगळ्या जातीचं आहे. त्याची सेवा मागे चालते आणि आधी थोडा डेटा साठावा लागतो. नव्याने बसवल्यावर ‘अजून पुरेसा डेटा नाही’ असं म्हणालं तर पाच-दहा मिनिटं थांबा. तासाभरानंतरही तेच असेल तर ‘सिस्टमसीटीएल स्टेटस व्हीएनस्टॅट’ने सेवा चालू आहे का पाहा, आणि कार्डाचं नाव बदललं असेल तर नवं नाव ‘--ॲड -आय’ने जोडा.

मीटर बरोबर, वेगच कमी

विंडोजमध्ये पॉवरशेलमध्ये ‘गेट-नेटॲडॉप्टर’ देऊन ‘लिंकस्पीड’ पाहा. लिनक्समध्ये ‘इथटूल’ आणि कार्डाचं नाव. गिगाबिट कार्डावर तिथे १०० मेगाबिट दिसत असेल आणि मीटर ९८ च्या वर कधीच जात नसेल, तर केबलकडे वळा. १०० मेगाबिटला केबलमधल्या दोनच जोड्या लागतात, गिगाबिटला चारही. उरलेल्या दोन जोड्यांतली एक तार तुटली किंवा प्लगमधली तिची पट्टी वाकली की कार्ड गुपचूप खाली उतरतं, नेट चालू राहतं आणि दोष मीटरवर जातो. दुसरी, चांगली असल्याची खात्री असलेली कॅट ५ई केबल लावा. लिंक १००० झाली तर काम झालं. नाही झाली तर स्विचचं पोर्ट बदला, आणि तरीही नाही तर ड्रायव्हरच्या ॲडव्हान्स्ड टॅबमध्ये स्पीड ‘ऑटो निगोशिएशन’वर आहे याची खात्री करा, कोणीतरी कधीतरी तो १०० वर बांधून ठेवलेला असतो.

वाय-फायवर लिंकस्पीड हा रेडिओचा वेग असतो, मालाचा नाही. हवा एका वेळी एकालाच बोलू देते, वर पोचपावत्यांचा खर्च. लिंकच्या निम्म्याच्या आसपास वेग मिळाला तर तक्रारीला जागा नाही.

केबल आणि लिंक ठीक असून शंका उरलीच, तर घरातल्याच दोन कॉम्प्युटरवर आयपर्फ३ (दोन कॉम्प्युटरमधला वेग मोजणारं साधन) चालवा: एकावर ‘आयपर्फ३ -एस’, दुसऱ्यावर ‘आयपर्फ३ -सी’, पहिल्याचा आयपी पत्ता आणि ‘-टी ३०’. पोर्ट ५२०१ फायरवॉलमध्ये उघडं लागतं. गिगाबिटवर आयपर्फ ९४० च्या आसपास म्हणालं आणि मीटरही त्याच्या चार-पाच टक्के वर असेल, तर मीटर, कार्ड आणि केबल तिन्ही सुटली. आता राउटरच्या पुढच्या बाजूला शोधा.